बांबूवरचं लुगडं

ये गं, जवळ ये. अशी लांबून काय विचारतेस? लग्नाचा मांडव, हातात ताट, मागं जेवणाऱ्यांची रांग, पुढं वाढपी "जिलबी घ्या, जिलबी घ्या" करतोय, आणि तू मला विचारतेस, "मामी, आजीच्या हौसेपायी बाबा पकडले गेले, हो ना?" अगं बाई, असलं काही विचारायची ती जागा का? मी म्हटलं, "मठ्ठा घे," आणि पुढं सरकले. तू फुगलीस. मला दिसलं ते. तुझ्या आजीसारखीच फुगतेस, खालचा ओठ पुढं काढून.

म्हणून आता लिहिते. फोनवर मला हे जमायचं नाही, मध्येच मामा "कोण आहे, कोण आहे" करत येतात. माझी शाळा सायखेड्याला चौथीत सुटली, तुला माहीतच आहे. पुढचं वाचन झालं ते फुलं बांधायच्या रद्दीवर. अर्धी बातमी वाचायची, उरलेली कुणाच्या तरी हारासोबत गेलेली. खून झाला ते कळायचं, कुणी केला ते कळायचं नाही. तुझंही तसंच झालंय बघ. अर्धा कागद तुझ्या हातात आलाय आणि तेवढ्यावर तू भांडतेस. उरलेला माझ्याकडं आहे. तुझ्या आईला विचारूनच लिहितेय. ती म्हणाली, "लिहा वहिनी, मला तोंडानं नाही सांगता येणार."

तुझी आई लग्नाआधी नर्स होती. समुद्राकाठच्या एका गावात सरकारी दवाखान्यात नोकरी. गावाचं नाव लिहीत नाही, तिकडं अजून तुमची माणसं आहेत. तुझे बाबा हाताला गळ लागला म्हणून पट्टी बांधायला आले, आणि जखम भरली तरी येत राहिले. इकडं आमच्या मळ्यात केवढा गोंधळ! माळ्याची पोर आणि कोळ्याच्या घरात! तुझ्या मामांनी जेवण सोडलं. मग एक दिवस तुझे बाबा बर्फाच्या पेटीत पापलेट घेऊन दारात उभे राहिले, आणि मामा जेवले. असं ते लग्न जमलं.

बाबांची स्वतःची होडी होती, मासेमारीची. पण वर्षातून काही वेळा ती मासे न आणता यायची. खोल समुद्रात मोठ्या गलबतावरून गाठोडी घ्यायची, ती खाडीत आणायची, तिथून दुसरे लोक घेऊन जायचे. आधी घड्याळं न् कापड, मग चांदी, मग सोनं. हे आम्हाला लग्नानंतर कळलं. तुझ्या आईलाही लग्नानंतरच. गावात त्याला कुणी चोरी म्हणत नसे. "माल उतरवायला गेलाय," म्हणायचे. आपण नाही का म्हणत, माल फुलबाजारात गेला? माल हा शब्दच असला चिवट आहे. झेंडूलाही चालतो न् सोन्यालाही.

त्यात बायकांचं एक काम असायचं. तुमचं घर खाडीच्या तोंडाशी. कस्टमवाले गावात आले की तुझी आजी आपलं हिरवं लुगडं धुऊन दारातल्या उंच बांबूवर टाकायची. लांबून होडीवाल्यांना दिसायचं. लुगडं असलं की आत यायचं नाही, बाहेरच थांबायचं. आता कपडे वाळत घालणाऱ्या बाईला कुठला कायदा धरणार? आजी मला हे सांगायची ते अगदी आपण पापडाची कृती सांगतो तसं.

मग एकदा माल पकडला गेला. सोबतच्या माणसानं बाबांचं नाव सांगितलं आणि बाबा फरार झाले. कस्टमवाले रोज तुमच्या ओटीवर येऊन बसायला लागले. आजीचाच चहा पिऊन आजीलाच विचारायचे, पोरगा कुठं आहे? त्यांचा हिशेब सरळ होता. बायको-पोर जिथं, तिथं हा आज ना उद्या येणार. म्हणून तुझ्या आईनं नोकरी सोडली, गावात सांगितलं की सासूबाईंचा दमा वाढलाय, मुंबईला दाखवायचंय, आणि मुंबईऐवजी जव्हार-त्र्यंबकच्या घाटानं एसटीत बसून तिघी आमच्या मळ्यात. नव्वद सालानंतरची गोष्ट ही, तू चार-पाच वर्षांची असशील. घाटात ओकून ओकून तुझा फ्रॉक खराब झालेला. मी तुला पाटाच्या पाण्यानं धुतलं आणि माझ्या परकराच्या तुकड्यात गुंडाळलं.

मामांनी त्याच संध्याकाळी नियम सांगितले. विचारलं तर बाबा दुबईला. आजी नाशिकच्या हवेसाठी आलेली. मासळीबाजारात कुणी जायचं नाही, कारण तिथं बसणाऱ्या बायका समुद्राकडूनच येतात, त्या ओळखतील. आजीनं कोळी पद्धतीनं लुगडं नेसायचं नाही, पाचवारी नेसायची. आणि बाबा कधी आले तर सगळ्यांसमोर तू त्यांना काका म्हणायचं.

तुझ्या आजीचे काय हाल झाले त्या पाचवारीत! चालताना पायात अडकायची. "ही काय साडी गो, पोत्यान घातल्यासारकी," म्हणायची. हिरवं लुगडं तिनं माझ्या पत्र्याच्या ट्रंकेत तळाशी ठेवलं आणि अधूनमधून झाकण उघडून नुसता हात लावून यायची.

सकाळी उठली की अंगणात उभी राहून तिचा एकच प्रश्न. "वारा कंचा हाय गो?"

मामा म्हणायचे, "आजी, वारा कंचाबी आसू द्या. झेंडूला काय फरक नाय पडत."

"माज्या पोराला परतो," ती म्हणायची.

दबून राहणारी बाई नव्हती ती. एकदा मी फुलबाजारातून येते तर झेंडूच्या क्रेटवर हिचे सुके बोंबील वाळत घातलेले. कुठून मिळवले देव जाणे! दुसऱ्या दिवशी पंचवटीतला हारवाला माझ्या अंगावर आला. "मावशी, देवाच्या हाराला बोंबलाचा वास येतोय! त्र्यंबकला पाठवायचा हार हा!" घरी येऊन मी आजीला बोलले, तर ती म्हणते कशी, "देवानं काय बोंबील पाह्यला नाय? मत्स्य अवतार कोनी घेतला मंग?"

बाबा दोन-तीन महिन्यांनी येऊन जायचे. लपतछपत नाही, उजेडी यायचे, तोडणीच्या दिवसांत. त्या दिवसांत मळ्यात पेठ-सुरगाण्याकडची बायामाणसं असायची, डोक्याला फडकं बांधलेलं एक माणूस वाढलं तर कुणाला कळतंय? पाटावरचा साकव ओलांडून यायचे. साकवावरून आपली विहीर दिसते, आणि विहिरीशेजारी आजीनं आल्या आल्याच एक उंच बांबू रोवून घेतला होता.

मामांनी विचारलं होतं, "हा कशाला, आजी?"

"लुगरा वालत घालाया."

"लुगडं तर ट्रंकेत हाय."

"ऱ्हाऊ दे ना मंग. बांबू काय खायाला मागतो तुज्याकरं?"

मामा समजले. पण दीड-दोन वर्षं त्या बांबूवर काही टाकायची वेळच आली नाही. त्यावर एक खंड्या येऊन बसायचा, तेवढंच.

आता हनुवटीखाली हात लाव. लागला तो व्रण? तुला वाटतं तू शाळेत पडलीस. शाळेत नाही. आपल्या जांभळावरून पडलीस. त्या दिवशी बाबा आलेले होते, बाया तोडणी संपवून गेलेल्या, मळ्यात आपल्याखेरीज कुणी म्हणजे कुणी नव्हतं. बाबांनी तुला उचललं. रक्त त्यांच्या सदऱ्यावर. तू त्यांच्या गळ्याला मिठी मारून रडतेस, आणि काय म्हणतेस? "काका, दुखतंय. काका, आईला बोलवा ना."

बाबा म्हणाले, "अगो, आता कोन नाय हितं. बाबा बोल."

तू त्यांच्याकडं बघितलंस आणि परत म्हणालीस, "काका, दुखतंय."

तुझ्या आईनं जखम धुतली, पट्टी बांधली. नर्सच ती. संध्याकाळी माझ्याशेजारी फुलं निवडायला बसली आणि म्हणाली, "वहिनी, ती भिऊन नाही म्हणाली तसं. तिला खरंच ते काकाच वाटतायत."

त्या दिवसापासून तिचं एकच म्हणणं. जाऊन हजर व्हा. होईल ती शिक्षा भोगा आणि बाप म्हणून घरी या. बाबा नाही म्हणायचे नाहीत. होळीनंतर जातो म्हणायचे, होळी झाली की पावसाळा काढू म्हणायचे. आणि मध्ये आजी. आजीसमोर विषय निघाला की ती हातातलं काम ठेवायची. "ह्याचा बाप दर्यानं नेला. ह्याला मी सरकारला देनार नाय. नाव काढू नको परत." दोघीही एकाच माणसासाठी भांडत होत्या. मी कुणाची बाजू घेणार? मी आपली चहा टाकायची.

आणि मग आली नारळी पौर्णिमा. इथून पुढची गोष्ट तुला ठाऊक आहे असं तुला वाटतं.

कोळ्याच्या घरात त्या दिवशी समुद्राला नारळ देतात, सोनेरी कागदात गुंडाळून, नटूनथटून, वाजतगाजत. दर्या शांत हो, आमची माणसं जपून आण, म्हणून. आदल्या वर्षी आजीनं तो दिवस अंथरुणावर पडून काढला होता. या वर्षी सकाळीच म्हणाली, "मी गोदावरीला नारल देनार."

मामा हसले. "आजी, आमची गोदावरी तुमच्या समुद्राला जातच नाय. ती जाते पार पलीकडच्या."

आजीला हे माहीत नव्हतं. ती विचारात पडली. "त्र्यंबकाला उगम बोलता ना? तिथून आमचा दर्या जवल. मंग उलटी का जाते ही?"

"आता ते मी काय सांगू!"

"रुसली आसल," आजी म्हणाली. "ऱ्हाऊ दे. पानी पान्याला वलखतं. पोचल."

आणि ट्रंक उघडून तिनं लुगडं काढलं. तुझी आई म्हणाली, "आई, हे नको. साडीवर चला." आजी म्हणाली, "दर्याला साडी वलखाया नाय येत. मी कोन हाय ते त्याला कलाया नको?" काष्टा घालून, केसांत आमच्याच मळ्यातली शेवंती माळून, गळ्यात होतं नव्हतं ते घालून ती बाहेर आली, तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की दोन वर्षं माझ्या घरात वावरत होती ती भलतीच बाई होती. खरी ही. चाल सुद्धा बदलली. तोडणीच्या बाया हातातलं काम सोडून बघत राहिल्या. एक म्हणाली, "ही आपली बोंबीलवाली आजी? आता गं बया!"

मी तिच्याबरोबर घाटावर गेले. राखीचाही दिवस तो, गर्दी खूप. आजीनं गुडघाभर पाण्यात उतरून नारळ सोडला, हात जोडले आणि मोठ्यानं गाऱ्हाणं घातलं. तिनं नाव घेतलं नाही बाबांचं, एवढं भान होतं तिला. पण गळ्यात कॅमेरा अडकवलेला कुणी एक जण घाटावर होता. कोळी बाई नाशिकच्या नदीला सोन्याचा नारळ देते, असं रोज कुठं दिसतं? आम्हाला पत्ताच नाही. दोन दिवसांनी मी फुलं बांधायला रद्दी नाही, त्या दिवशीचाच पेपर घेतला, मामांनी वाचून टाकलेला, तर त्यात आजी. एवढी मोठी. शेजारी माझं अर्धं कोपर. मामांनी तोच पेपर वाचला होता बरं का, पण त्यांनी फक्त कांद्याचे भाव बघितले.

तो फोटो कुणी बघितला, तिकडं समुद्राकाठी कसा पोचला, हे आम्हाला कधीच कळलं नाही. पोचला एवढं खरं, आणि नाशिक म्हटल्यावर तुझ्या आईचं माहेर शोधायला कितीसा वेळ?

दसऱ्याच्या आधी झेंडू घ्यायला व्यापारी येतात, मळ्यातच सौदा होतो. त्या वर्षी दोघं नवीनच आले. मी भाव सांगितला आणि त्यांनी "ठीक आहे" म्हटलं. उभ्या जन्मात मी असा व्यापारी पाहिला नाही जो पहिल्या भावाला हो म्हणतो. निदान नाक तरी मुरडतो! वर म्हणाले, "तोडणी होईपर्यंत आम्ही इथंच बसतो. उद्या माल भरूनच जाऊ." आणि पाण्याच्या मोटारीच्या खोलीच्या सावलीला खाटेवर बसले, जिथून साकव दिसतो.

मी आत जाऊन आजीला खिडकीतून दाखवलं. तिनं एकदाच बघितलं. "तो जारा. माज्या ओटीवं बसून च्या पिऊन गेलेला हाय तो."

बाबा दसऱ्याला येणार हे ठरलेलं होतं. आज नाही तर उद्या. मामा म्हणाले, "मी रस्त्यावर जाऊन उभा राहतो." पण कुठल्या रस्त्यावर? बाबा कधी पेठ रोडनं यायचे, कधी मखमलाबादकडून. शेवटाला साकव तेवढा पक्का. आणि मामा मळ्याबाहेर पडले की त्यातला एक जण सहज म्हणून उठायचा आणि मागं चालायला लागायचा.

आजीनं कुणाला विचारलं नाही. तिनं लुगडं बादलीत घातलं, विहिरीवर नेलं, त्या दोघांच्या समोर धुतलं आणि बांबूवर टाकलं. जाड्या म्हणाला, "आजी, कशी आहे तब्येत?" आजी म्हणाली, "दमा हाय." आणि पदर तोंडाशी धरून खोकत खोकत घरात आली. घरात आल्यावर खोकला बंद.

तो दिवस तसाच गेला. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं ते परत ओलं केलं आणि परत टाकलं, सुकलेलं लुगडं कुणी दिवसभर वाळत ठेवत नाही म्हणून. दुपार कलली. मी विहिरीजवळच्या ओळीत तोडत होते, ओटीत झेंडू. आजी आत पडलेली. तू तिच्या पायाशी खेळत होतीस. तेवढ्यात तुझी आई घरातून बाहेर आली. पाटाकडं बघत थोडी थांबली. मग सरळ विहिरीकडं चालत आली, तुराटीच्या काठीनं लुगड्याचं टोक ओढलं आणि खाली घेतलं.

मी म्हटलं, "वन्सं, ओलं आहे ना अजून?"

"वाळलंय, वहिनी," ती म्हणाली.

घडी घालत होती आणि काठातून पाणी तिच्या साडीवर गळत होतं. मी बघत होते. ती माझ्याकडं बघत नव्हती. मी परत झेंडू तोडायला लागले. दुसरं काय करणार होते मी?

थोड्या वेळानं बाबा साकवावरून आले. हातात कापडी पिशवी. बांबूवर नजर टाकली आणि चालत आले, अगदी सावकाश. दोघं उठून उभे राहिले. बाबांनी पिशवी खाली ठेवली. पळाले नाहीत. जाड्या म्हणाला, "चला आता." बाबा म्हणाले, "च्या तरी घेऊ द्या साहेब." जाड्यानं तुमच्या घरचा चहा पुष्कळ प्यायलेला होता. म्हणाला, "घ्या."

तुझ्या आईनं चहा केला. सगळ्यांनाच दिला, त्या दोघांनाही. आवाज ऐकून तू पळत बाहेर आलीस. बाबांनी तुला जवळ घेतलं आणि विचारलं, "मी कोन तुजा?"

तू त्या दोन परक्या माणसांकडं बघितलंस. आम्हीच शिकवलं होतं ना. मग आईकडं वळून विचारलंस, "आई, आता चालेल?"

आई म्हणाली, "चालेल. सांग."

"बाबा," तू म्हणालीस. हळूच. मग परत एकदा मोठ्यानं, तपासून बघितल्यासारखं.

आजी दारात येऊन उभी होती. ते तिघं साकवापलीकडं दिसेनासे झाले, तेव्हा तिनं बांबूकडं बघितलं, मग खाटेवरच्या घडीकडं. पिशवीतले बोंबील काढून आत ठेवले. आणि विचारलं, "वारा सुटला का गो? लुगरा खाली कसा आला?"

घरात आम्ही सगळेच होतो. तुझी आई म्हणाली, "वारा नव्हता, आई. मी काढलं. वाळलं होतं."

दसऱ्याला संध्याकाळी तुझी आई आपट्याची पानं घेऊन तिच्या पाया पडायला वाकली. सोनं घ्या, सोन्यासारखं राहा. आजीनं हात पुढं केला नाही. पानं तिच्या मांडीजवळ खाटेवर राहिली. मामांना शांतता सोसत नाही. ते म्हणाले, "घ्या की आजी, या घरात आलेलं एवढंच सोनं कायद्याचं हाय." कुणी हसलं नाही. मी मामांना असा चिमटा काढला की दिवाळीपर्यंत निळा होता.

तसे बरेच दिवस गेले. दोघी एका खोलीत झोपायच्या, एका ताटात तुला भरवायच्या, आणि एकमेकींशी बोलायच्या नाहीत. निरोप तुझ्यामार्फत. "आईला सांग मीठ कमी हाय." "आजीला सांग औषध घ्या." सकाळचा वाऱ्याचा प्रश्नही बंद झाला. मला चुकल्या चुकल्यासारखं व्हायचं बघ. एकदा मीच अंगणातून म्हटलं, "आजी, आज वारा कुठला?" तर म्हणाली, "मला काय इचारतंस? आता कोन हाय दर्यात?"

मग तुरुंगातून भेटीची परवानगी आली. दोघींनाच जायचं होतं. सकाळी निघताना आजी उंबऱ्यावर थांबली. आम्हा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "कोन इचारल तर सांगायचा, म्हातारीच्या नारलानं झाला. फोटो माजा आला, पोर माजा धरला. हिचा नाव कोनी घेयाचा नाय. त्याला पन तेच सांगायचा." आणि एसटीच्या तिकिटाचे पैसे काढायला तिनं पदराची गाठ सोडली, तर पैशांबरोबर आपट्याची सुकलेली पानं बाहेर आली. ती तिनं परत गाठीत बांधली. माझ्याकडं बघून म्हणाली, "काय बगतंस? यष्टी चुकल."

तर हे असं आहे. तुझी आजी जाईपर्यंत ते घोकत राहिली. तिकडच्या गावात, पाहुण्यांत, तुझ्यासमोरही, "माज्या नारलानं झाला, माज्या नारलानं." तुला वाटलं ती पस्तावतेय. ती पस्तावत नव्हती गं. ती सुनेवर छत्री धरून उभी होती.

पुढचं तू बघितलेलंच आहेस. शिक्षा झाली, काही वर्षांनी बाबा सुटले, होडी विकली आणि इथं मळ्यात आले. आता हार करतात. त्यांच्या हाराची गाठ जाळ्याची असते, सुटता सुटत नाही. हारवाले म्हणतात, देवाच्या गळ्यातून कापूनच काढावा लागतो. आल्या आल्या पहिल्याच आठवड्यात त्यांनी विहिरीजवळचा तो बांबू उपटला आणि टोमॅटोच्या तारेला लावला. मी तेव्हा काही विचारलं नाही.

विचारलं ते आजी गेल्यावर. तेराव्याची भांडी घासत बसलो होतो, मी न् ते. मी म्हटलं, "दाजी, तो बांबू का काढलात हो?"

"टोमॅटोला कमी परत होता," ते म्हणाले. एक पातेलं घासून झालं. मग म्हणाले, "वहिनी, त्या दिवशी मी लय वेल पाटापलीकरं बाभलीखाली उभा होतो. लुगरा दिसत होता मला. परत फिरनार होतो. मंग ती आली न् तिनं तो काढला. मी बगितला तिला काढताना."

मी विचारलं, "आणि तरी आलात?"

"बोलावला तर यायला नको?" ते म्हणाले. "आयेला नका सांगू, बोलनार होतो तुमाला. पन आता आयेच नाय."

हे तुझ्या आईला ठाऊक नाही. तिला आजतागायत वाटतं की तिनं नवऱ्याला फसवून धरून दिलं. मी सांगितलेलं नाही. बाबांनी सांगावं, पण ते सांगणार नाहीत, तो माणूस चांगलं काही बोलायचं असलं की हार ओवायला घेतो. हा कागद वाचून तू काय ते ठरव.

आणि आता माझं ऐक. तुझ्या आईनं हे लिहायला हो म्हटलं, पण तेव्हापासून तिला झोप नाही. म्हणते, "पोरीला कळलं की ती माझ्या दारात पाय ठेवायची नाही." मी म्हटलं, "ठेवेल, नाहीतर मी तिचा कान धरून आणते." म्हणून रागवायचं असेल तर इथं येऊन रागव, समोर बसून. जावईबापूंना घेऊन ये किंवा एकटीच ये. दसऱ्याच्या आधी ये, झेंडूला हात कमी पडतात, तुझे मामा आता वाकले की उठत नाहीत. साकव पडला मागच्या पुरात, तिकडून येऊ नकोस, डांबरी रस्ता आलाय दारापर्यंत. आणि लांबून विहिरीपाशी काही वाळत घातलेलं दिसलं तरी थांबू नकोस हं, ते नुसते कपडे असतात. सरळ आत ये. लवकर ये.